आधी प्रश्न म्हणा

थेरपिस्ट बाईंनी विचारलं तेव्हा दादांना हसूच आलं. पाच आठवड्यांत त्यांना आलेलं ते पहिलं हसू.

"यांच्या आवाजाचं जुनं रेकॉर्डिंग असेल तर द्या," बाई म्हणाल्या होत्या. "अर्धा तास पुरे. मागे गोंगाट नको, मध्ये दुसरं कुणी बोलायला नको. मग टॅबवर या जे टाइप करतील ते यांच्याच आवाजात ऐकू येईल. अगदी हुबेहूब नाही, पण घरच्यांना ओळखू येईल इतपत."

"अर्धा तास?" दादा म्हणाले. "अहो बाई, एकतीस वर्षं पिक्चर काढतोय आम्ही. तुम्ही म्हणाल तितके तास आणून देतो."

"मग झालंच तर. पुढच्या शुक्रवारी टॅब हातात मिळेल, त्याच्या आत आणा. काही घरांत काहीच नसतं हो. मग तयार आवाजांतला एखादा बसवावा लागतो. परका वाटतो तो."

वहिनी शेजारच्या खुर्चीत बसल्या होत्या, गळ्याभोवती पांढरा जाळीचा रुमाल बांधून. त्यांनी दादांकडे पाहिलं आणि मग खिडकीबाहेर पाहिलं. त्या हसल्या नाहीत. दादांच्या ते लक्षात आलं नाही. लक्षात न येणं हा दादांचा जुना आजार, फक्त पिक्चरवर लिहिणारे त्याला संयम म्हणत.

धंद्यात त्यांना सगळे दादा म्हणत आणि ओघानंच त्यांच्या बायकोला वहिनी. त्यांच्याहून दहा वर्षांनी मोठा असलेला साउंडवालासुद्धा वहिनीच म्हणायचा. वहिनींच्या गळ्यात गाठ निघाली ती कुणाला कळायच्या आतच वाढली होती. गुरुवारी श्वास कोंडला, शनिवारी ऑपरेशन. डॉक्टरांनी स्वरयंत्र काढलं आणि जीव राखला. सौदा वाईट नाही, असं भेटायला येणारा जो तो म्हणाला. ज्याचा त्याचा आवाज शाबूत होता, त्याचं काय जात होतं म्हणायला?

दवाखान्यातून घरी आल्या त्या दिवशी लेक पाटी आणायला निघाली होती. वहिनींनी तिला हातानं थांबवलं, शूटिंगची पिशवी ओढली आणि तिच्यातून वहीएवढा पांढरा फळा आणि मार्कर काढला. तो तिथं कशाला होता, हे कुणी विचारलं नाही.

आता यांचे पिक्चर कसे असायचे ते सांगायला हवं, नाहीतर पुढचं काहीच कळायचं नाही. दादा माहितीपट काढत. दिग्दर्शक तेच, निर्माते तेच, कॅमेराही तेच धरत. म्हणजे परवानग्या मागत फिरायचं, संस्थांच्या दारात बसायचं, टेपा जपायच्या आणि पुन्हा चांगला पिक्चरही काढायचा. सतरा काढले. बंद पडलेल्या काच कारखान्यातले कामगार, खाणीतून परत न आलेल्यांच्या बायका, घड्याळं दुरुस्त करणारे, दीपगृहातले राखणदार. मोठ्या माणसांच्या वाटेला ते कधी गेले नाहीत.

वहिनी मूळच्या बसस्टँडवरच्या चौकशीच्या खिडकीतल्या. गाडी लागली का, कुठं लागणार, उशीर किती, हे दिवसभर हजार माणसं त्यांना विचारत. मधूनमधून भोंग्यावरून घोषणाही त्याच करायच्या. आवाज असा खणखणीत की स्टँडच्या पार टोकाला पिशवी उशाला घेऊन झोपलेला माणूस उठून आपली गाडी पकडायचा. दादांनी एकाच गाडीची वेळ लागोपाठ तीन दिवस विचारली, तेव्हा त्या खिडकीतून म्हणाल्या होत्या, "गाडीला जायचंय की इथंच राहायचंय?" लग्नानंतर नोकरी सोडून त्या शूटिंगला निघाल्या. "आजवर उत्तरंच दिली," त्या म्हणाल्या, "आता मला विचारू दे."

आणि विचारायला माणूस लागतच होता. दादांचा प्रश्न म्हणजे सरकारी अर्ज. त्याला तीन पोटकलमं, दोन उपप्रश्न आणि शेवटी 'याबाबत आपलं मत काय'. काच कारखान्यातला पहिला म्हातारा कारागीर तो प्रश्न ऐकून असा ताठ बसला, जणू त्याच्यावर खटला चाललाय. दादांनी तीनदा प्रयत्न केला. शेवटी कॅमेऱ्याच्या शेजारी स्टुलावर बसलेल्या वहिनींनी विचारलं, "भट्टी विझली त्या दिवशी घरी जाऊन काय केलंत?" म्हातारा चाळीस मिनिटं बोलला.

त्या दिवसापासून प्रश्न वहिनींचे. पण पिक्चरमध्ये विचारणाऱ्याचा आवाज येता कामा नये, हा दादांचा नेम. नुसती माणसं दिसली पाहिजेत, आपलं आपण बोलणारी. त्यासाठी एक रीत होती. बोलायला बसलेल्या प्रत्येकाला वहिनी आधी समजावत, "मी विचारीन ते आधी तुम्ही म्हणा, मग उत्तर द्या. म्हणजे मी विचारलं, जेवलात का, तर नुसतं हो म्हणू नका. म्हणा, जेवलात का म्हणाल, तर हो, जेवलो." म्हणजे प्रश्न कापून टाकला तरी उत्तर लंगडं पडत नाही. माणसं विसरायची. मग वहिनी तर्जनी वर करून हवेत एक गोल काढायच्या. पुन्हा, आणि प्रश्नासकट. खाणीवरच्या बायका त्या गोलाला हसायच्या आणि पुन्हा सांगायच्या.

शेवटचा प्रश्न सगळ्यांना एकच असे. "सांगायचं राहिलंय असं काही?" एवढं विचारून वहिनी गप्प बसत. समोरचा म्हणायचा, नाही, झालं सगळं. वहिनी तरी गप्पच. गाडी सुटायला अजून अवकाश आहे अशा निवांतपणे बसून राहायच्या. आणि मग तो माणूस जे बोलायचा त्यावर दादांचे पिक्चर उभे राहिले. सतराच्या सतरा.

लोकांनी फार वाखाणलं. यांच्या पिक्चरमध्ये माणसं स्वतःशीच बोलतात, असं छापून आलं. पहिलं मोठं पारितोषिक मिळालं तेव्हा व्यासपीठावर कुणीतरी विचारलं, लोक तुमच्यापाशी इतके मोकळे कसे होतात? दादा म्हणाले, "मी फक्त ऐकतो." टाळ्या पडल्या. वाक्य एकदा चाललं की माणूस ते सोडत नाही, दादांनी ते पुढं पंचवीस वर्षं चालवलं. वहिनी दुसऱ्या रांगेत बसून टाळ्या वाजवायच्या. पिक्चरच्या शेवटी नावं यायची त्यात 'साहाय्य' या शब्दापुढं त्यांचं नाव असे, साउंडवाल्याच्या खाली आणि गाडीवाल्याच्या वर.

तर शनिवारी सकाळी दादांनी ऑफिसचं कपाट उघडलं. सतरा पिक्चर शिस्तीत लावलेले होते. त्यांनी एकेक काढून लावायला सुरुवात केली. मूळ टेपा नव्हत्या, हे त्यांना ठाऊक होतं. पिक्चर पुरा झाला की टेपा पुसून पुढच्या शूटिंगला घ्यायच्या, पुढं टेपा गेल्या आणि ड्राइव्ह आल्या तर त्याही रिकाम्या करायच्या, हा निर्मात्याचा व्यवहार. पण कुठं तरी, कुठल्या तरी पिक्चरमध्ये, एखादा प्रश्न राहिलाच असेल. उत्तराच्या आधीचा एखादा शब्द. दारातून आत येतानाचं एखादं 'येऊ का?'

दुपार झाली. संध्याकाळ झाली. रविवार गेला. एडिटिंग इतकं चोख होतं की दादांना त्या चोखपणाचा राग यायला लागला. पडद्यावर माणूस दिसायचा, बोलायच्या आधी एक श्वास घ्यायचा, आणि त्या श्वासाच्या अलीकडे जिथं वहिनींचा आवाज असायला हवा तिथं कात्री लागलेली असायची.

सोमवारी त्यांनी लेकीला फोन केला. लेकीनं आपला मोबाइल पिंजून काढला. "बाबा, आई व्हॉइस मेसेज करायचीच नाही हो. टाइपच करायची. मी विचारलं पण होतं एकदा. म्हणाली, रेकॉर्डिंग चालू असलं की माझ्या तोंडून आवाज फुटत नाही." वाढदिवसाचे चार व्हिडिओ निघाले. त्यांत सगळे मिळून ओरडत होते आणि एकात मिक्सर चालू होता. मिक्सरच्या मागून वहिनी काहीतरी म्हणत होत्या. काय, ते देवालाच ठाऊक.

"अशी कशी आपल्याकडे आई नाही?" लेक म्हणाली. "घरात कॅमेरे, माइक, सगळं असताना?"

दादांनी फोन ठेवला. तोंडात मारल्यासारखं झालं त्यांना.

मंगळवारी ते कात्रीकडे गेले. कात्री म्हणजे दादांचा एडिटर. पहिल्या पिक्चरपासून अकराव्यापर्यंत सगळे त्यानंच कापले, तेव्हापासून त्याचं खरं नाव त्याच्या बायकोलाही आठवावं लागतं. आता डोळे गेल्यात जमा, दोन खोल्यांच्या घरात राहतो, आणि जुनं टेपचं यंत्र पलंगाशेजारी चादरीखाली झाकून ठेवतो.

"या दादा, या. कोण मेलं?" कात्री म्हणाला. त्याची बोलायची तऱ्हाच ती.

दादांनी सगळं सांगितलं. कात्री ऐकत राहिला. मग म्हणाला, "वहिनींचा प्रश्न मी कधी अर्धवट कापला नाही, दादा. अख्खा उचलायचो आणि वेगळ्या टेपवर घेऊन ठेवायचो. टाकवत नव्हतं हो. काय विचारायच्या! सहा टेपा झाल्या होत्या. खोक्यावर 'वहिनी' म्हणून लिहिलं होतं मी."

दादा उठून उभेच राहिले. "कुठंय ते खोकं?"

"तुम्हालाच नाही का दिलं? ऑफिस बदललंत तेव्हा. तुम्ही उघडून बघितलंत आणि म्हणालात, नुसते प्रश्नच आहेत, यांचं करायचं काय?"

दादा हळूच खाली बसले. आठवलं त्यांना. दीपगृहाच्या शूटिंगला टेपा कमी पडत होत्या. ते खोकं त्यांनी गाडीत टाकलं होतं. सहा टेपा, तीन राखणदार. वहिनींचे प्रश्न त्यांनी दुसऱ्यांच्या उत्तरांखाली पुसून टाकले होते. आणि टेपांना लेबलं लावायचं काम कुणाचं? वहिनींचंच. 'वहिनी' लिहिलेलं जुनं लेबल नखानं खरवडून काढून त्यावर 'दीपगृह, एक', 'दीपगृह, दोन' असं त्यांनीच चिकटवलेलं होतं. तोंडातून चकार शब्द काढला नव्हता. आता दादांना गेल्या शुक्रवारी थेरपिस्ट बाईंकडे खिडकीबाहेर पाहणाऱ्या वहिनी आठवल्या. त्यांना तेव्हाच माहीत होतं, काही सापडणार नाही म्हणून.

"एक आहे," कात्री म्हणाला.

"काय?"

"खाणीची एक टेप. मूळची. यंत्रानं कड चावली होती तिची म्हणून परत वापरता आली नाही. पडून आहे. चालेल का नाही, सांगता येत नाही."

चादर बाजूला झाली. कात्रीनं हातानं चाचपून टेप लावली, दोनदा काढली, फुंकर मारली, पुन्हा लावली. पडद्यावर रेघा आल्या आणि मग एक खोली दिसली. रिकामी खुर्ची, खिडकी, अर्धा ओढलेला पडदा. खाणीत गेलेल्याची बायको कडेनं आत येऊन अवघडून बसली. आणि पडद्याबाहेरून मोठ्यानं, मोकळ्यानं, थेट स्टँडवरचा आवाज आला: "चला, आरामात बसा. पाणी हवंय का कुणाला?"

चोवीस वर्षांपूर्वीच्या वहिनी खोलीत आल्या होत्या. गळ्याला रुमाल नसलेल्या.

लगेच दुसरा आवाज आला. "अगं, हळू. टेप चालू आहे."

तो दादांचा होता.

त्यानंतर बाई बोलायला लागली. प्रश्न आला तो ऐकूच आला नाही. नुसतं काहीतरी सळसळलं आणि बाई म्हणाली, "शेवटचा डबा दिला तेव्हा काय म्हणाले म्हणाल, तर..." दादा पुढं सरकले. पुन्हा सळसळ. बाईनं प्रश्न म्हटला. पुन्हा सळसळ.

"वहिनी कुजबुजतायत," कात्री म्हणाला.

"आवाज वाढव."

कात्रीनं वाढवला. खोलीभर घोंगावणारा वारा भरला. त्या वाऱ्यात शब्द होते, पण आवाज नव्हता. कुजबुज कितीही मोठी केली तरी तिचा आवाज होत नाही, हे दादांना कुणी शिकवायला नको होतं. तरी मधे एकदा, बाई रडायला लागली तेव्हा, वहिनींच्या तोंडून न राहवून खरं, भरल्या गळ्याचं "हं" निघालं. आणि लगेच दादांचं, "कट. तुझं 'हं' येतंय. मान हलव ना नुसती."

बेचाळीस मिनिटांच्या टेपमध्ये दादा नऊ वेळा बोलले होते. हळू. थांब. तुझा आवाज चढतोय त्यांच्यावर. परत. हळू. आपण असं बोलायचो हे त्यांना आठवतसुद्धा नव्हतं. आपण शांत माणूस आहोत अशी त्यांची पक्की समजूत होती. तशी ती इतरांचीही होती, कारण दादांचाही आवाज कात्रीनं दर वेळी कापलाच होता.

मग मागचं सगळं आपोआप लागत गेलं. पहिल्या पिक्चरला वहिनी मोठ्यानं विचारायच्या. खाणीला कुजबुजायला लागल्या. घड्याळवाल्यांच्या वेळी 'हं'सुद्धा बंद झालं, नुसती मान, आणि संध्याकाळी मानेला तेल. शेवटच्या पाच पिक्चरना तर त्या प्रश्न वहीएवढ्या पांढऱ्या फळ्यावर मार्करनं लिहून समोर धरायच्या. किती सोय झाली, असं दादा सगळ्यांना कौतुकानं सांगायचे.

"दादा," कात्री म्हणाला, "सुरुवातीचं ते पाण्याचं सात सेकंदांचं काढून देऊ का मोबाइलवर?"

दादांनी मान हलवली. मग कात्रीला दिसत नाही हे लक्षात येऊन म्हणाले, "दे."

घरी वहिनी स्वयंपाकघरात शेंगा सोलत होत्या. दादा समोर स्टुलावर बसले. सबंध रस्ताभर त्यांनी काय बोलायचं ते जुळवलं होतं, त्यातलं एकही वाक्य जागेवर राहिलं नाही. त्यांनी नुसता मोबाइल पुढं केला.

"चला, आरामात बसा. पाणी हवंय का कुणाला?"

वहिनींचे हात थांबले. त्यांनी खूण केली, पुन्हा. दादांनी पुन्हा लावलं. असं चारदा झालं. दर वेळी दादा आपला 'अगं, हळू' यायच्या आत बोट ठेवून बंद करत होते. पाचव्यांदा बोट चुकलं आणि तेही वाजलं. वहिनींनी फळा ओढला.

'केवढ्यानं बोलायचे मी!' त्यांनी लिहिलं.

"एवढंच आहे," दादा म्हणाले. "सात सेकंद. बाकी काही नाही. मी पुसलं. सगळं मीच पुसलं गं."

वहिनींनी तळहातानं फळा पुसला. थोडा विचार केला. मग लिहिलं, 'असू दे. मला सवय आहे.'

त्यांना टोमणा मारायचा नव्हता. दादांची समजूत काढायची होती. त्यांच्या चेहऱ्यावर ते स्पष्ट दिसत होतं आणि तेच दादांना सोसवलं नाही. तोच फळा होता. त्याच्या कोपऱ्यात शेवटच्या पिक्चरच्या वेळची शाई अजून पुसट दिसत होती, 'राहिलंय असं' एवढी अक्षरं. ही बाई गेली वीस वर्षं आवाज न करता बोलायला शिकत होती, आणि शिकवणारा मास्तर समोर स्टुलावर बसला होता. दादा उठले, मोरीत गेले, नळ सोडला आणि ढसाढसा रडले. नळाचा आवाज मोठा होता, पण वहिनींचे कान शाबूत होते.

शुक्रवारी तिघं थेरपिस्ट बाईंकडे गेले. सात सेकंदांचं ऐकून बाई म्हणाल्या, "आवाज छान होता हो. पण यात नाही होणार." काही घरांत काहीच नसतं, हे त्यांनी दुसऱ्यांदा म्हटलं नाही. भली बाई.

"माझा घ्या," लेक एकदम म्हणाली. "माझा आवाज आईसारखाच आहे. फोनवर सगळे फसायचे. अर्धा काय, दोन तास बोलते मी."

बाई म्हणाल्या, तसं करता येतं. वहिनींनी लेकीचा हात हातात घेतला आणि दुसऱ्या हातानं लिहिलं, 'तुझा तुझ्याकडे राहू दे. लागेल.' लेकीला रडताना हसू आलं, की हसताना रडू, ते तिचं तिलाच कळलं नसेल.

मग तयार आवाज ऐकवले गेले. बाई एक, बाई दोन, बाई तीन. एक फार गोड होती. दोन बातम्या दिल्यासारखी बोलायची. तिसरी जरा करडी, वयस्क. वहिनींनी तिसरीवर बोट ठेवलं आणि फळ्यावर लिहिलं, 'हिला गाड्यांच्या वेळा माहीत असतील.'

घरी सोडून लेक आपल्या कामाला गेली. चहा झाला. वहिनी टॅब घेऊन उठल्या आणि पुढच्या खोलीत काहीतरी सरकवासरकव करू लागल्या. दादांनी डोकावून पाहिलं. लाकडी खुर्ची खिडकीशी तिरकी ठेवलेली होती. पडदा अर्धा ओढला होता, उजेड एका गालावर यावा असा. सतरा पिक्चरभर बोलणाऱ्याची खुर्ची अशीच असायची. समोर दोन हातांवर वहिनींचं स्टूल. मधे कॅमेरा तेवढा नव्हता.

वहिनींनी खुर्चीकडे हात केला. दादा बसले. बसल्यावर त्यांना कळलं की हातांचं काय करायचं ते माहीत नाही. एकतीस वर्षांत ते या बाजूला कधी बसलेच नव्हते.

वहिनींनी चष्मा लावला, एका बोटानं अक्षरं शोधत टाइप केलं आणि टॅब मांडीवर उभा धरला. परक्या बाईचा करडा आवाज खोलीत आला.

"सांगायचं राहिलंय असं काही?"

"नाही," दादा म्हणाले. "काय राहायचंय आता."

वहिनी गप्प. त्या आता गप्पच असणार होत्या, पण ही गप्प बसण्याची तऱ्हा वेगळी होती आणि दादांना ती ओळखीची होती. कॅमेऱ्याच्या मागून त्यांनी ती शेकडो वेळा पाहिली होती. तिच्यासमोर कुणी टिकत नसे. खालून एक गाडी गेली. वरच्या मजल्यावर कुणीतरी पलंग सरकवला. वहिनींना कसलीच घाई नव्हती.

"सगळे प्रश्न तुझे होते," दादा म्हणाले. सुरुवात झाली आणि मग थांबवेना. "मी ऐकतो, मी ऐकतो म्हणून जगाला सांगत सुटलो. मी ऐकत नव्हतो गं. मी फोकस बघत होतो. ऐकत तू होतीस. लोक तुझ्याशी बोलत होते आणि टाळ्या मी घेत होतो, आणि तू दुसऱ्या रांगेत... त्या सहा टेपा मी पुसल्या. मला तेव्हा काही वाटलंसुद्धा नाही. आणि आता मला तुझा आवाज ऐकायचाय. रोज सकाळी उठलो की ऐकायचाय. अगं, नुसतं ओरड माझ्यावर..."

वहिनींचे डोळे भरून आले होते. तरी त्यांनी तर्जनी वर केली आणि हवेत एक गोल काढला.

दादांना क्षणभर काही कळलं नाही. मग कळलं. त्यांनी बाहीनं नाक पुसलं. सरळ बसले. हात गुडघ्यांवर ठेवले.

"सांगायचं राहिलंय असं एक आहे," दादा म्हणाले, आणि त्यांनी पहिल्यापासून सुरुवात केली.